लष्करात दिलेली आत्या

'ताईला लष्करात दिली' हे वाक्य आमच्या घरात माझ्या जन्माच्या आधीपासून आहे. १९६२ च्या मार्गशीर्षात माझ्या आत्याचं लग्न झालं आणि सांगलीची मुलगी ग्वाल्हेरच्या लष्कर भागात गेली. आजोबांनी गल्लीत पेढे वाटताना हेच सांगितलं. चीनशी लढाई थांबून महिनाही झाला नव्हता, त्यामुळे शेजारच्या बायका आजीला बाजूला घेऊन हळू आवाजात विचारत, "जावई नेफाकडे होते की लडाखला?" जावई मोतीमहालातल्या सरकारी कचेरीत कारकून होते. आजीने दोन-तीनदा खुलासा केला आणि मग सोडून दिलं. म्हणाली, लोक आपणहून मान देतायत तर आपण कशाला नको म्हणा!

आत्या आता एक्याऐंशीची आहे, आतोबा जाऊन नऊ वर्षं झाली. तिच्या नातीचं, म्हणजे माझ्या भाचीचं लग्न निघालं. यजमानांना सुट्टी मिळेना, मुलांच्या परीक्षा, म्हणून मी एकटीच निघाले. तिथे पाच दिवस. लग्नाला जायचं तर लग्नांबद्दलच विचारायचं, असं गाडीतच ठरवलं होतं.

पहिला दिवस

नाशिकरोडला रात्री बसले, दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ग्वाल्हेर. डिसेंबरची थंडी फलाटावरच अंगावर आली. रिक्षावाल्याला म्हटलं, "लश्कर." तो हसला. "पूरा ही लश्कर है मैडम, जाना कहाँ है?"

खरंच होतं त्याचं. ग्वाल्हेर म्हणजे तीन गावं. किल्ल्याच्या पायथ्याशी जुनं ग्वाल्हेर, पलीकडे मुरार आणि दक्षिणेला लष्कर. १८१० मध्ये दौलतराव शिंद्यांनी आपला तळ इथे आणला आणि तो पुन्हा हलला नाही. रिक्षातून जाताना पाट्या वाचत होते. कंपू हा 'कँप'च. जिन्सी नाला, म्हणजे तिथे जिन्सी तोफखाना असणार. फालका बाजार फाळक्यांचा, पाटनकर बाजार पाटणकरांचा, शिंदे की छावनी तर सरळच आहे. चिटणिसांचा गोट इथे 'चिटनीस की गोठ' झाला आहे. आपण 'शत्रूच्या गोटात' म्हणतो तोच हा गोट. दोनशे वर्षं हिंदीच्या घरात नांदून बिचाऱ्याचं उच्चारण बदललं, लिंगही बदललं. सासरी गेल्यावर असं होतंच.

आत्या दारातच उभी होती. "आलीस? गाडी लेट नव्हती ना? चल आत, चाय ठेवलीय." सांगलीत ती 'च्या' म्हणायची म्हणे. बासष्ट वर्षांत च्याचा चाय झाला, पण 'च' तेवढा राखला. आतेभावाला मी दादा म्हणते. वहिनी झाशीच्या मराठी घरातली. भाची मला आत्या म्हणते, त्यामुळे घरात कुणी "आत्या" अशी हाक मारली की आम्ही दोघी ओ देत होतो.

रात्री रजयांमध्ये शिरल्यावर तिला बोलतं केलं. स्थळ कसं आलं? तर आतोबांचे एक चुलते दत्तजयंतीला नरसोबाच्या वाडीला आले होते, परतताना सांगलीत आमच्या आजोबांकडे उतरले. पाट मांडला, जेवले, वाढणाऱ्या मुलीकडे एकदा पाहिलं आणि निघताना म्हणाले, आमचा पुतण्या आहे. पुढचा सगळा कारभार पोस्टकार्डांवर. आतोबांचा एक फोटो आला, तोही कचेरीतल्या ग्रुपमधला. मागच्या ओळीतल्या एका डोक्यावर शाईचा ठिपका होता.

"ठिपक्याशी लग्न केलं मी," आत्या म्हणाली.

त्या वर्षी संरक्षण निधीला बायका सोनं देत होत्या. आजीने लेकीसाठी केलेल्या पाटल्यांतली एक देऊन टाकली. सासरी पोचल्यावर सासूबाईंनी हात बघितले, एका हातात पाटली आणि दुसऱ्यात नुसत्या काचेच्या बांगड्या. आत्याने घाबरत खरं सांगितलं. सासूबाई म्हणाल्या, "बरं केलं. लष्करातली सून म्हटल्यावर एवढं हवंच."

नवरा-बायकोनं दिवसा एकमेकांशी बोलायचं नाही, अशी रीत. घरात अकरा माणसं. लग्नाला महिना झाला तरी आत्याने नवऱ्याचं तोंड नीट बघितलं नव्हतं, कारण रात्री कंदील मोठा ठेवायचा नाही आणि सकाळी ते मफलर गुंडाळूनच बाहेर पडत. मग मेला भरला. ग्वाल्हेरचा मेला मोठा, माधवराव शिंद्यांनी १९०५ मध्ये गुरांचा बाजार म्हणून सुरू केलेला. सगळं घर निघालं, गर्दीत दोघं मागे पडले, म्हणजे आतोबांनी पाडले. बांगडीवाल्यापुढे त्यांनी मफलर काढला, पैसे मोजले आणि डझनभर हिरव्या बांगड्या तिच्या हातात दिल्या.

"मला म्हणाले, आईला माझ्याकडून सांगू नकोस. म्हटलं, मग काय सांगू? तर म्हणाले, सांग, भाव उतरला होता."

एवढं सांगून ती झोपली. मी बराच वेळ जागी होते.

दुसरा दिवस

सकाळी बेडई आणि जिलबी. बेडई म्हणजे डाळीचं सारण भरलेली पुरी, सोबत बटाट्याची तिखट रस्साभाजी. हे खाऊन माणूस लढाईला कसा जात असेल कळत नाही, मला तर महाराज बाड्यापर्यंत चालवेना. भाचीला ब्लाउज आणायचे होते, मी सोबत गेले.

महाराज बाडा म्हणजे लष्कराचा चौक. भोवती टाउन हॉल, पोस्ट, व्हिक्टोरिया मार्केट, सगळ्या देशोदेशींच्या घाटणीच्या इमारती, आणि एका अंगाला गोरखी, शिंद्यांचा जुना वाडा. जयविलास राजवाडा नंतरचा. दौलतराव आणि बायजाबाई इथे राहत. शिंद्यांच्या घराण्यात मानले जाणारे मूळचे बीडचे सूफी साधू मन्सूरशहा, त्यांचं देवघरही इथेच. शिंप्याकडे तासाभराचं काम होतं. आम्ही गोरखीच्या कमानीजवळ उन्हात उभ्या राहिलो आणि मी भाचीला या वाड्यातल्या जोडप्याची गोष्ट सांगितली. ती इथेच जन्मली, पण तिला ठाऊक नव्हती. आपल्या चौकातला इतिहास कोणाला ठाऊक असतो?

दौलतराव पंधराव्या वर्षी महादजींच्या गादीवर बसले. पुण्यात असताना कागलकर घाटग्यांची मुलगी त्यांच्या मनात भरली. बाप सखाराम ऊर्फ सर्जेराव घाटगे पक्का गडी. आढेवेढे घेतले, भाव वाढवला आणि मुलीच्या बदल्यात शिंद्यांची दिवाणगिरी मागितली. १७९८ मध्ये पुण्यात थाटात लग्न लागलं. लग्नाचा खर्च, त्यात फौजेचे थकलेले पगार, आणि तिजोरी रिकामी. मग नव्या दिवाणांनी, म्हणजे सासऱ्यांनी, पुण्याच्या सावकार-गृहस्थांकडून पैसा वसूल केला. कसा, ते जेवणाआधी सांगू नये. जावयाच्या लग्नाचं बिल अख्ख्या शहराने भरल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही.

"मग हे लव्ह मॅरेज की अरेंज्ड?" भाचीने विचारलं.

"वसुली," मी म्हटलं.

पण गंमत पुढे आहे. अशा सुरुवातीचा संसार मोडायला हवा होता, तो टिकला. पाच वर्षांत, १८०३ मध्ये, इंग्रजांशी युद्ध झालं. दिल्ली, असई, लासवारी, अडगाव, एकामागून एक पराभव. बायजाबाई उत्तम घोडेस्वार, असईच्या वेळी त्या नवऱ्याबरोबर मैदानात होत्या असं सांगतात. डिसेंबरात सुर्जी-अंजनगावचा तह झाला. दोआब गेला, दिल्ली-आग्रा गेलं, भडोच गेलं, अहमदनगर गेलं. सासऱ्यांना पुढे १८०९ मध्ये छावणीतच भाल्याने भोसकून मारलं. दौलतरावांना मुलगा झाला नाही. राज्य अर्धं गेलं, सासरा गेला, वारस नाही, आणि तरीही दरबारात बायजाबाईंचा शब्द चालत राहिला. १८२७ मध्ये दौलतराव वारले तेव्हा कारभार त्यांच्याच हातात आला.

मला खरं कुतूहल या राजा-राणीचं नाही, त्यांच्या मागे चालणाऱ्या माणसांचं आहे. युद्ध हरलेली फौज, दक्षिणेतलं मूळ गाव दीड-दोन महिन्यांच्या वाटेवर, आणि पगार कायम थकलेला. १८०९ मध्ये ब्रॉटन नावाचा इंग्रज अधिकारी या छावणीबरोबर फिरत होता. त्याच्या पत्रांत तंबूंचे बाजार आहेत, पगारासाठी धरणं धरून बसलेले शिपाई आहेत, पतंगाच्या नादी लागलेले महाराज आहेत. आणि एक शिपाई आहे, जोरावरसिंग. दोन-तीन वर्षं कवायत केली, पहारे केले, आणि मग कळलं की ही मुलगी आहे. भाऊ कर्जापायी भोपाळला कैदेत होता, त्याला सोडवायला पैसे हवेत म्हणून पुरुषाच्या वेशात भरती झालेली. छावणीत तिचं कौतुक झालं. दौलतरावांनी तिला नोकरीतून मोकळं केलं आणि भावाच्या सुटकेसाठी भोपाळच्या नवाबाला पत्र दिलं. पुढे तिचं लग्न झालं का, कोणाशी, हे माझ्या वाचनात आलं नाही, आणि मला तेच हवं होतं.

कारण छावणीला लग्न जड जातं. तळ आज इथे, उद्या वीस कोसांवर. मांडव घालायचा कुठे, माहेरपणाला जायचं कुठे, पहिलं बाळंतपण कोणाच्या ओटीवर? दौलतरावांनी हुकूम काढला म्हणून लष्कराचं गाव झालं असं पुस्तकात असतं. मला वाटतं, एकेका गोटात एकेक सून आली आणि ती म्हणाली, आता मी हलायची नाही. तंबूला चूल चालते, पण तुळशीवृंदावन बांधायला जमीन लागते. गाव तिथून सुरू झालं असणार. पुरावा विचाराल तर नाही. आत्या आहे.

दुपारी जयविलास पाहिला. झुंबरं, चांदीची आगगाडी, ती सगळे पाहतात, मीही पाहिली. गाइड मुलगा म्हणाला, "एक-एक झूमर साढ़े तीन टन," आणि आम्ही सगळ्यांनी वर बघून माना हलवल्या. मला थांबवलं ते फोटोंनी. २१ फेब्रुवारी १९४१ ला जिवाजीराव शिंद्यांचं लग्न झालं, वधू सागरची लेखा दिव्येश्वरी देवी, पुढच्या विजयाराजे. मुलगी मराठा घराण्यातली नाही म्हणून शिंद्यांच्या मराठा सरदारांनी बराच विरोध केला होता. महाराजांनी ऐकलं नाही.

भाची त्या फोटोसमोर बराच वेळ उभी राहिली. तिचा होणारा नवरा मुरैन्याचा आहे, हिंदीभाषक ठाकूर घरातला. मुरैना इथून चाळीस किलोमीटर, आणि दोघं भेटली बंगळुरूला, एकाच ऑफिसात. घरात तीन महिने अबोला चालला होता.

"सरदार शेवटी काय म्हणाले?" तिने विचारलं.

"जेवायला आले असतील," मी म्हटलं. याला मात्र आधार नाही.

तिसरा दिवस

किल्ल्यावर वहिनीबरोबर गेले. लग्नघरातून दोन तास पळायचा बहाणा म्हणून ती आली, तिला किल्ल्याशी काही देणंघेणं नव्हतं. पायथ्याचा गुजरी महाल मानसिंह तोमराने मृगनयनी या गुजर राणीसाठी बांधला. तिने अट घातली म्हणे, माझ्या गावच्या राई नदीचं पाणी मला इथे प्यायला हवं, तर लग्न. राजाने नळ घालून पाणी आणलं. वहिनी म्हणाली, "मी झाशीचं पाणी मागितलं असतं तर तुमच्या दादांनी बिसलेरी आणली असती."

वर सास-बहू मंदिरं आहेत. नाव मुळात सहस्रबाहू, मोठ्या मंदिरातला शिलालेख १०९३ चा. लोकांनी सहस्रबाहूचं सास-बहू केलं, कारण हजार हातांच्या देवापेक्षा घरातल्या दोन बायका लोकांना जास्त ओळखीच्या. मोठं देऊळ सासूचं, छोटं सुनेचं. वहिनीने छोट्याच्या पायरीवर बसून फोटो काढून घेतला आणि तो आत्याला पाठवला. आत्याचं उत्तर आलं, 'छान. पापड तळायचे आहेत.'

उतरताना फुलबागेत राणी लक्ष्मीबाईंच्या समाधीपाशी थांबलो. जून १८५८ मध्ये त्या इथे पडल्या, घोड्यावरचा पुतळा आपल्याला चित्रांतून पाठ आहे. पण वहिनी झाशीची, तिने वेगळंच काढलं. म्हणाली, "आमच्याकडे आधी लग्नाची गोष्ट सांगतात." खरं आहे, तीही युद्धानंतरच्या छोट्या वस्तीतल्या लग्नाचीच गोष्ट. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली, बाजीराव बिठूरला गेले, चिमाजीअप्पा काशीला. त्यांच्यामागे जी मूठभर मराठी कुटुंबं गेली त्यांतले मोरोपंत तांबे. त्यांची मनकर्णिका काशीत जन्मली, बिठूरला वाढली. तिच्या जोगतं स्थळ त्या गंगाकाठच्या वस्तीत कुठून मिळणार? ते निघालं झाशीला, गंगाधरराव, बिजवर, वयाने पुष्कळ मोठे. १८४२ मध्ये झाशीत लग्न झालं. मुलगा झाला, काही महिन्यांतच गेला. १८५३ मध्ये दत्तक घेतलं आणि लगोलग गंगाधररावही गेले. समाधीपाशी सगळे तलवार बघतात. मी तिथे उभी राहून स्थळांचा नकाशा मांडत होते: काशी, बिठूर, झाशी, सागर, ग्वाल्हेर, उज्जैन, इंदूर, धार, देवास. लढायांनी माणसं जिथे जिथे सांडली तिथे तिथे एकेक 'आपल्यातलं' घर, आणि त्यांच्यामधून पोस्टकार्डं घेऊन फिरणारे आतोबांचे चुलते.

वहिनीचं स्थळही याच नकाशावरचं. तिची मावशी उज्जैनला, नणंद इंदूरला. दादांची पिढी ही बहुधा शेवटची. १९५६ मध्ये मध्य भारत जाऊन मध्य प्रदेश झाला, राजधानी भोपाळ, कचेऱ्या तिकडे गेल्या, आणि लष्करातले मराठी कारकूनही बदलीने पांगायला लागले. नंतर मुलं पुण्याला, बंगळुरूला. वाडे राहिले, त्यांच्यात आत्या राहिल्या.

संध्याकाळी हळद. दोन्हीकडची माणसं पहिल्यांदा एकत्र आली, आणि मुहूर्तावरून पुन्हा तीच चर्चा. आमच्या भटजींनी दुपारचा बारा वाजून सव्वीस मिनिटांचा मुहूर्त काढलेला. मुरैनेवाल्यांच्या दृष्टीने दुपारी बाराला लग्न म्हणजे अपशकुनच. त्यांची बारात रात्री दहाला निघते, नाचत नाचत बाराला पोचते, फेरे पहाटे. शिवाय नवऱ्या मुलाच्या एका काकांकडे बंदूक होती. परवाना असलेली, पण होती. आत्याने त्यांना चहा दिला आणि शुद्ध हिंदीत सांगितलं, "भाईसाहब, हम लश्कर के हैं, हमको बंदूक नई नहीं है. उसको घर पे रख के आइए." काका हसले आणि कबूल झाले. तोडगा असा निघाला: सव्वीस मिनिटांना अंतरपाट, रात्री फेरे. मुलीला एका दिवसात दोनदा लग्न करावं लागणार होतं. "एकदाच्या खर्चात," दादा म्हणाले, पण चेहऱ्यावरून तसं वाटत नव्हतं.

चौथा दिवस

लग्न. मुरैन्याची मंडळी बारा वाजता पोचली, डोळे चोळत. नवऱ्या मुलाला मुंडावळ्या बांधल्या तेव्हा त्याच्या आईने विचारलं, "ये तो दुल्हन को नहीं बाँधते?" आत्या म्हणाली, "दोनों को. हमारे यहाँ दोनों फँसते हैं."

भाची गौरीहरापुढे बसली होती. पिवळी नऊवारी, हिरवा चुडा. वहिनीचा झाशीचा भाऊ मामा म्हणून मागे उभा. अंतरपाट धरला आणि मंगलाष्टकांसाठी नात्यातले एक सत्तरीचे काका पुढे आले. ते इथल्या एका गवयांकडे शिकलेले. ग्वाल्हेरमध्ये गाणं शिकलेल्या माणसाला मंगलाष्टक म्हणायला देऊ नये, हा धडा मी घेतला. पहिल्याच कडव्याला त्यांनी सूर असा लावला की मांडव गप्प झाला. दुसऱ्याला ताना सुरू. मुरैनेवाल्यांना वाटलं, ही बैठक आहे. ते "वाह! वाह पंडितजी!" करू लागले, काका आणखी खुलले. भटजी घड्याळाकडे बघत होते. अंतरपाट धरणाऱ्यांचे हात भरून आले. "शुभमंगल" आलं आणि "सावधान" बारा एकतीसला. तोवर अर्ध्या लोकांनी अक्षता टाकूनही झाल्या होत्या.

हद्दू-हस्सू खाँच्या या गावातलं गाणं आमच्याकडे आणलं बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी. त्यांच्याकडे मिरजेला विष्णु दिगंबर शिकले. म्हणजे गाणं लष्करातून सांगली-मिरजेकडे गेलं आणि बदल्यात आम्ही आत्या दिली. मी हे आत्याला सांगितलं तर ती म्हणाली, "मग तुम्ही फायद्यात आहात. मला गाता येत नाही."

जेवणात जिलबी, मठ्ठा, मसालेभात, अळूची भाजी आणि पाहुण्यांसाठी पनीर. काकांनी, बंदूकवाल्या, अळूची भाजी तीनदा घेतली आणि नाव लिहून मागितलं.

रात्रीचे फेरे मी अर्धेच पाहिले. थंडी फार होती. आत्या मात्र शाल पांघरून शेवटपर्यंत बसली. पहाटे परत आल्यावर तिने मला हलवून उठवलं. म्हणाली, "बघ, तिने अंतरपाटाच्या आधीच त्याला पाहिलं होतं, सहा वर्षं पाहत होती. तरी पाट बाजूला झाला तेव्हा बघितलंस का तिचं तोंड?"

मी बघितलं नव्हतं. अक्षता चुकवत होते.

"मी बघितलं," आत्या म्हणाली आणि उशाशी ठेवलेली पेटी उघडली. आत हिरव्या बांगड्या होत्या, आठच उरलेल्या. बाकीच्या कशा फुटल्या तेही तिने सांगितलं, एकेकीची गोष्ट. एक मोरीत, दोन थोरल्याच्या बाळंतपणात, एक आतोबा १९७१ मध्ये भोपाळच्या बदलीवर गेले त्या दिवशी दार आपटून. दाराला आपटून की दार आपटून, हे मी विचारलं नाही. शेवटची आतोबांच्या दिवसांत फुटायची, पण कोणीतरी बांगड्या फोडायला पुढे झालं तेव्हा दादाने त्यांना बाहेर पाठवलं.

बायजाबाईंची एक आठवण मग मला सांगावीशी वाटली. १८३३ मध्ये दत्तक मुलानेच त्यांना राज्याबाहेर काढलं. १८३५ मध्ये फतेहगडला त्यांच्या तंबूत फॅनी पार्क्स नावाची इंग्रज बाई भेटायला जायची. दोघी घोड्यांवर बोलल्या आणि मग विधवांवर बोलल्या. फॅनीने सांगितलं, आमच्याकडे कायद्याने बायको नवऱ्याची पुरती ताबेदार असते. बायजाबाईंनी आपल्याकडच्या विधवेचे हाल सांगितले. एकमेकींच्या देशांची दुखणी मोजत दोघी बसल्या होत्या. आत्याने शांतपणे ऐकून घेतलं.

"घोड्यावर बसायची म्हणतेस ना ती?"

"हो."

"मग बरं झालं," ती म्हणाली आणि पेटी बंद केली.

पाचवा दिवस

निघताना आत्याने तिळाच्या गजकचे चार डबे दिले, तीन वाटायला आणि एक 'तू एकटीने खायला'. भाची आणि जावई सकाळीच मुरैन्याला गेले, परवा तिथून बंगळुरू. वहिनी झोपली होती, तिला उठवलं नाही.

गाडीत समोर भुसावळच्या एक आजी होत्या. डबा उघडला, गजक दिली. आवडली त्यांना. कुठून येताय, म्हणाल्या. सवयीने तोंडातून गेलं, "लष्करातून. माझी आत्या असते तिथे."

"अगंबाई! काय वय त्यांचं?"

"एक्याऐंशी."

आजींनी हातातली गजक खाली ठेवली आणि पदर सारखा केला. मी खुलासा करणार होते, पण आमची आजी आठवली. खिडकीबाहेर झाशीचं स्टेशन येत होतं. डब्याचं झाकण लावून मी चहावाल्याला हाक मारली.